जीन हॅकमनच्या दहा डीव्हीडींचा सेकंडहँड गठ्ठा: एक चालली नाही, बाकी पैसे वसूल

जुन्या डीव्हीडी विकणाऱ्या एकाकडून ऑनलाइन हा गठ्ठा मागवला, हॉलिवूडचा नट जीन हॅकमन याचे दहा सिनेमे, १४०० रुपये आणि वर १२० कुरिअरचे. घासाघीस केली असती तर अजून शंभर-दीडशे सुटले असते बहुतेक, पण यादीत 'द कॉन्व्हर्सेशन' दिसला आणि मी लगेच पैसे पाठवून मोकळी झाले. आता महिनाभरात सगळे बघून झालेत (एक सोडून, त्याचं पुढे सांगते), म्हणून लिहितेय, कारण मागवायच्या आधी मीही असंच काहीतरी वाचायला शोधत होते आणि मिळालं नव्हतं.

आधी मालाबद्दल. जाहिरातीत लिहिलेलं 'एकदम नव्यासारखं'. आलं काय तर बिस्किटाच्या खोक्यात वर्तमानपत्राचे बोळे आणि त्यात दहा डिस्क, त्यातल्या सहाच डब्यात, चार नुसत्या कागदी पाकिटात. 'मिसिसिपी बर्निंग'चं कव्हर दुसऱ्याच कुठल्यातरी सिनेमाचं. दोन डिस्कवर ओरखडे आणि एकीवर चक्क तेलकट बोटांचे ठसे, म्हणजे कोणीतरी भजी खात 'सुपरमॅन' बघितलाय हे नक्की. मऊ कापडाने पुसल्या, मधून बाहेरच्या कडेकडे सरळ रेषेत पुसायचं, गोल गोल नाही, गोल पुसलं की ओरखडा डेटाच्या दिशेनेच पडतो आणि मग डिस्क अडकते. पुसल्यावर नऊ व्यवस्थित चालल्या. विकणाऱ्याला फोटो पाठवले तर त्याने हात जोडलेला इमोजी पाठवला आणि विषय संपला.

दहा कुठले ते सांगते. 'द फ्रेंच कनेक्शन', 'द पोसायडन अ‍ॅडव्हेंचर', 'द कॉन्व्हर्सेशन', 'सुपरमॅन', 'हूजिअर्स', 'मिसिसिपी बर्निंग', 'अनफरगिव्हन', 'क्रिमझन टाइड', 'एनिमी ऑफ द स्टेट' आणि 'द रॉयल टेननबॉम्स'. म्हणजे १९७१ ते २००१, तीस वर्षं. निवड कोणी केली माहीत नाही, ज्याच्या घरातून रद्दीत निघाल्या त्याचीच असणार, पण तो माणूस जाणकार होता.

बघायला सोबत बाबा. त्यांना ऐकू कमी येतं त्यामुळे आमच्याकडे सबटायटल नसेल तर सिनेमा नाही, साधा नियम. पहिल्या संध्याकाळी डिस्क लावल्यावर पाच मिनिटांत ते म्हणाले, "हा हिरो आहे? हा तर आपल्या सोसायटीचा खजिनदार वाटतो." मला हसू आलं पण खरंच आहे ते. केस मागे सरकलेले, चेहरा बटाट्यासारखा, अंगात सूट असला तरी उसना आणल्यासारखा. आणि हेच त्याचं भांडवल. कॅलिफोर्नियातल्या पॅसाडेना प्लेहाउसमध्ये तो अभिनय शिकायला गेला तेव्हा तिथे त्याचा दोस्त झाला डस्टिन हॉफमन, आणि या दोघांना बाकीच्यांनी ठरवून टाकलं होतं की हे काही पुढे जाणार नाहीत. मग दोघं न्यूयॉर्कला, हॉफमन काही दिवस हॅकमनच्या स्वयंपाकघरात फरशीवर झोपायचा, हॅकमन फर्निचर उचल, दारवान म्हणून दारात उभा राहा असली कामं करायचा. १९३० चा जन्म, आणि नाव झालं ते 'बॉनी अँड क्लाइड'मध्ये, १९६७ ला, म्हणजे वय ३७. आपल्याकडे ३७ व्या वर्षी लोक म्हणतात आता सेटल हो.

त्याच वर्षी 'द ग्रॅज्युएट'मधून त्याला तालमी चालू असतानाच काढून टाकलं होतं, मिस्टर रॉबिन्सनच्या रोलमधून. आणि त्या सिनेमाचा हिरो कोण, तर स्वयंपाकघरात झोपणारा हॉफमन. असं असतं बघा.

आता 'फ्रेंच कनेक्शन'. गठ्ठ्यातली सगळ्यात जास्त वापरलेली डिस्क, पण प्रिंट ठीक आहे, दाणेदार, मळकट, थंडीतलं न्यूयॉर्क जसं दिसायला पाहिजे तसं. याबद्दल एक गोष्ट सांगायलाच पाहिजे कारण कोणी ब्लू-रे घ्यायच्या विचारात असेल. २००९ ला जी ब्लू-रे आली तिच्यात दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिनने रंगच बदलून टाकले होते, सगळं फिकट-निळसर, आणि सिनेमाचा कॅमेरामन ओवेन रॉइझमन इतका भडकला की त्याने जाहीरपणे झाडलं. मग २०१२ मध्ये दोघांनी मिळून रंग परत नीट करून नवीन काढली. तेव्हा सेकंडहँड ब्लू-रे घेत असाल तर मागचं साल वाचा. दुसरं म्हणजे २०२३ मध्ये अमेरिकेत लोकांच्या लक्षात आलं की स्ट्रीमिंगवर यातला एक तुकडाच गायब आहे, पोलीस काळ्या लोकांबद्दल शिवी देतो ती जागा कोणी न सांगता कापलेली. शिवी घाणेरडीच आहे, पण तो पोलीस घाणेरडा आहे हेच तर सिनेमा सांगतोय ना. माझ्या डिस्कवर ती आहे. ओरखडे असलेली डिस्क कपाटात असण्याचा हा एक फायदा, रात्रीत कोणी येऊन बदलत नाही.

तर पॉपाय डॉइल, म्हणजे हॅकमनचा तो पोलीस. सगळे त्या गाडीच्या पाठलागाबद्दल बोलतात, ब्रुकलिनमध्ये वरून पुलावरून ट्रेन चाललीय आणि खाली हा दुसऱ्याची गाडी हिसकावून खांबांमधून सुटलाय. तो भारी आहेच, बाबा सोफ्याच्या कडेला येऊन बसले होते. (जीवघेणं ड्रायव्हिंग बिल हिकमन नावाच्या स्टंट ड्रायव्हरचं, काही शॉट्स हॅकमनने स्वतः चालवलेत.) पण मला जास्त आवडतो तो पिझ्झा. फ्रेंच स्मगलर शार्निए आत गरम हॉटेलात बसून निवांत जेवतोय, एकामागून एक पदार्थ येतायत, आणि समोरच्या फूटपाथवर कुडकुडत डॉइल गार पिझ्झा चावतोय आणि कॉफी इतकी भिकार की ओतून देतो. एक शब्द नाही. नुसतं चावणं. त्या चावण्यातच सगळा राग आहे, पोलीस म्हणून कमी आणि बाहेर उभं राहिलेला माणूस म्हणून जास्त. या रोलने त्याला ऑस्कर मिळालं, सिनेमाला एकूण पाच.

आणि मग ती मेट्रोची जागा. डॉइल स्टेशनवर शार्निएचा पाठलाग करतोय, तो आत, हा बाहेर, परत आत, परत बाहेर, शेवटी दार बंद होतं, ट्रेन निघते आणि शार्निए काचेतून बोटं हलवून टाटा करतो. शेवटाकडे पुलावर पोलिसांनी रस्ता अडवलाय आणि तिथे डॉइल अगदी तसाच त्याला हात हलवून दाखवतो. दिसायला मस्त चिडवाचिडवी आहे. पण हॅकमनची एक आठवण आहे, त्याने स्वतः सांगितलेली. तो १३ वर्षांचा असताना इलिनॉयमधल्या डॅनव्हिल गावात रस्त्यावर खेळत होता, वडील गाडीतून गेले, जाता जाता त्याच्याकडे बघून हात हलवला, आणि गेले ते घर सोडूनच गेले. तो म्हणायचा की त्या एका हात हलवण्यात सगळं होतं, आणि माणूस एवढ्याशा हालचालीत किती सांगू शकतो हे तेव्हा कळलं, कदाचित म्हणूनच मी नट झालो. मी हे आधी वाचलेलं होतं, विसरले होते, आणि पुलावर त्याने हात हलवला तेव्हा एकदम आठवलं आणि मी डिस्क थांबवली. बाबा म्हणाले काय झालं, अडकली का. मी म्हटलं हो.

त्यानंतर मग मी सगळे सिनेमे असेच बघितले, मोठ्या सीनपेक्षा हात, चष्मा, ओठ. आणि मुख्य म्हणजे हसणं. हॅकमनचं हसणं हा वेगळाच प्रकार आहे, कोणाला आवडेल-नावडेल. साधारण नट खलनायकी करताना हसला की आपल्याला कळतं आता हा वाईट वागणार. हॅकमन हसतो ते अगदी शेजारच्या काकांसारखं, मोकळं, आणि त्या क्षणाला तुम्हाला तो आवडतो, आणि मग तो मारतो. आधी मारायचं ठरवून वरून हसतोय असं वाटत नाही, हसता हसता मारायचं सुचलं असं वाटतं. हे जास्त भीतीदायक आहे.

'मिसिसिपी बर्निंग'मध्ये हे दोनदा येतं. १९६४ साली तीन नागरी हक्क कार्यकर्त्यांचा खून झाला त्यावरून घेतलेला सिनेमा, हा एफबीआयचा माणूस, स्वतः दक्षिणेतलाच, आधी शेरीफ होता. गावगुंडांच्या क्लबमध्ये जाऊन बिअर घेतो, हसतो, गप्पा मारतो आणि हसत हसतच समोरच्याची नको ती जागा पकडून पिळतो. आणि दुसरा न्हाव्याच्या दुकानातला, वस्तरा हातात. पण या दोन्हीपेक्षा फ्रान्सिस मॅकडॉर्मंडबरोबरचे सीन बघा, ती तिथल्या शेरीफच्या डेप्युटीची बायको आणि हा तिच्याकडून माहिती काढायला आलेला, बोलता बोलता याचं हसू लाजरं होत जातं, आपण फसवायला आलोय आणि आपल्याला ही बाई खरंच आवडायला लागलीय हे त्याच्या लक्षात येतं आणि ते आपल्या लक्षात येतं, बस. संवाद हवापाण्यावर चाललेत. सिनेमाबद्दल मात्र माझी तक्रार आहे आणि ती नवीन नाही, तेव्हाच अमेरिकेत झाली होती, की ज्यांनी ती लढाई लढली ते काळे लोक यात नुसते मार खातात आणि रडतात, हिरो कोण तर एफबीआय. हॅकमनला बर्लिनमध्ये बक्षीस मिळालं, ऑस्करचं नॉमिनेशनही, आणि त्या वर्षी ऑस्कर कोणाला मिळालं सांगू? डस्टिन हॉफमनला, 'रेन मॅन'साठी. फरशीवरचा माणूस परत पुढे. बाबांना हे सांगितलं तर ते म्हणाले, "म्हणून कोणाला घरात ठेवून घेऊ नये."

'पोसायडन' आणि 'सुपरमॅन' बद्दल थोडक्यात. पोसायडन म्हणजे उलटं झालेलं जहाज आणि देवाशी भांडणारा पाद्री, एकदा बघायला मजा येते, आरडाओरडा भरपूर. सुपरमॅन बाबांनी कॉलेजात असताना थिएटरमध्ये बघितलेला त्यामुळे ते खूश. यात नावांच्या यादीत आधी मार्लन ब्रँडो, मग हॅकमन, मग सुपरमॅनचं काम करणारा क्रिस्टोफर रीव्ह, म्हणजे बघा त्याचा भाव काय होता. हॅकमनला मिशी काढायची नव्हती लेक्स ल्यूथर या खलनायकासाठी, दिग्दर्शक रिचर्ड डॉनर म्हणाला तू काढ मग मीही माझी काढतो, याने काढली, आणि मग डॉनरने आपली मिशी नुसती उपटली, नकली होती. पडद्यावर हॅकमन तेवढीच धमाल करतोय, पण हे त्याचं सुट्टीतलं काम आहे.

आता ज्यासाठी गठ्ठा घेतला तो. 'द कॉन्व्हर्सेशन', १९७४, दिग्दर्शक कोपोलाचा. कान महोत्सवात त्या वर्षीचं सगळ्यात मोठं बक्षीस. ऑस्करला नॉमिनेशन मिळालं पण हरला कोणाशी तर 'गॉडफादर पार्ट टू'शी, म्हणजे कोपोला कोपोलाशीच हरला. हॅकमनला नॉमिनेशनसुद्धा नाही. मला हे अजून पटत नाही.

एक टेक्निकल गोष्ट आधी, कारण हा सिनेमाच आवाजाबद्दल आहे. माझी डिस्क पाल सिस्टिमची निघाली, म्हणजे युरोपात आणि आपल्याकडे चालणाऱ्या टीव्हीच्या पद्धतीची. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमने शूट होतो आणि पालमध्ये २५ ने चालतो, त्यामुळे सगळं साधारण चार टक्के भराभर पळतं, ११३ मिनिटांचा सिनेमा १०८ मिनिटांच्या आसपास संपतो आणि आवाज किंचित वरच्या पट्टीत जातो. एरवी कोणाला कळतही नाही. पण इथे आवाजाचं काम करणाऱ्या वॉल्टर मर्चने एकेक आवाज विणलाय, हॅकमन टेप पुढे-मागे करून एकच वाक्य पन्नासदा ऐकतोय, आणि मला सारखं वाटत होतं की मी चुकीच्या स्पीडवर ऐकतेय. तुमचे कान तिखट असतील तर याची चांगली ब्लू-रे घ्या, यात पैसे वाचवू नका. सबटायटल चांगली आहेत, पण त्यात एक गोची आहे, ती सांगते तर सिनेमा फुटतो, म्हणून ज्यांनी बघितला नाही त्यांनी पुढचे दोन पॅरा सोडा.

तर हॅरी कॉल, म्हणजे यातला हॅकमन. पैसे घेऊन लोकांची बोलणी चोरून टेप करतो, धंद्यात एक नंबर. सॅन फ्रान्सिस्कोच्या युनियन स्क्वेअरमध्ये एक जोडपं गर्दीत फिरतंय, हा लांबून त्यांचं बोलणं टिपतो आणि मग वर्कशॉपमध्ये बसून घासून-पुसून साफ करतो. त्यात एक वाक्य मिळतं, संधी मिळाली तर तो आपल्याला मारून टाकेल, अशा अर्थाचं. हॅरीला वाटतं त्या दोघांचा जीव धोक्यात आहे. आणि शेवटी कळतं की वाक्य तेच, पण जोर वेगळ्या शब्दावर होता, आणि जोर बदलला की बळी कोण आणि खुनी कोण हे उलटतं. आता सांगा, सबटायटलमध्ये जोर कसा दिसणार? बाबांना शेवट कळलाच नाही. अक्षरं दोन्ही वेळा सारखीच. मग मी त्यांना मराठीत म्हणून दाखवलं, एकदा 'मारून टाकेल' वर जोर देऊन आणि एकदा 'आपल्याला' वर, तेव्हा ते दोन मिनिटं गप्प बसले आणि म्हणाले मागे घे, परत बघू.

यात हॅकमन हसतच नाही जवळजवळ. बाकी नऊ सिनेमांत ज्या हत्यारावर तो जगला तेच काढून ठेवलंय. पारदर्शक प्लास्टिकचा रेनकोट घालतो, पाऊस असो नसो. घराला कुलपं किती, तरी वाढदिवसाला घरमालकीण आत भेट ठेवून गेलेली असते आणि त्याला आनंद होण्याऐवजी धसका बसतो की आत आली कशी. त्याची फोनवर चौकशी करण्याची पद्धत बघा, रागावत नाही, आवाज चढवत नाही, फक्त चष्म्यामागे डोळे बारीक होतात. मी ओळखते असा एक माणूस, नात्यातला, डबासुद्धा कोणाला दिसू नये म्हणून पाठ करून खाणारा. शेवटी याच्याच घरात कोणीतरी ऐकतंय असं कळल्यावर तो भिंती सोलतो, फरशी उखडतो, मेरीची मूर्ती पण फोडतो, काहीच सापडत नाही, आणि त्या ढिगाऱ्यात बसून सॅक्सोफोन वाजवतो. वाजवणं हॅकमन या सिनेमासाठी शिकला होता. सिनेमा आला एप्रिल १९७४ मध्ये आणि ऑगस्टमध्ये अमेरिकेचा अध्यक्ष निक्सन याने टेपांच्याच भानगडीत राजीनामा दिला, पण कोपोलाने गोष्ट साठच्या दशकातच लिहायला घेतली होती, म्हणजे बातमी बघून केलेला सिनेमा नाही हा.

'एनिमी ऑफ द स्टेट' यानंतर लगेच लावा, हा माझा खास सल्ला. १९९८ चा, विल स्मिथचा पळापळीचा सिनेमा, आणि त्यात हॅकमन म्हणजे पाळत ठेवण्यातला जुना खिलाडी, जगापासून लपून बसलेला. त्याचा तरुणपणीचा फोटो म्हणून जो दाखवतात तो चक्क 'कॉन्व्हर्सेशन'मधला आहे. सिनेमा म्हणून ठीकठाक, पण हॅरी कॉल चोवीस वर्षांनी कडू आणि बडबड्या होऊन परत आलाय असं समजून बघा, बाबांनी तर सरळ "हा तोच" म्हणून टाकलं.

'क्रिमझन टाइड' पाणबुडीतला. हॅकमन कॅप्टन, डेन्झेल वॉशिंग्टन हाताखालचा अधिकारी, अर्धवट तुटलेला आदेश आलाय, अणुबॉम्ब सोडायचा की थांबायचं. इथे त्याचं हसू परत येतं, आणि ते लिपिझानर घोड्यांवरचं बोलणं. सगळ्यात ताणलेल्या क्षणी, घड्याळ चाललंय, आणि कॅप्टन निवांतपणे पांढऱ्याशुभ्र घोड्यांबद्दल बोलतो, त्यांना कसं वळण लावतात वगैरे, आणि डेन्झेल शांतपणे सांगतो की ते जन्मतात तेव्हा काळे असतात. घोड्यांबद्दल कोणीच बोलत नाहीये हे दोघांनाही माहितीय. (पोर्तुगालचे की स्पेनचे यावरही वाद घालतात, आणि घोडे मुळात लिपिकाचे, आजच्या स्लोव्हेनियातले, ते जाऊदे.) प्रिंट या डिस्कची सगळ्यात चांगली, आवाज पण. बाबांनी कानाचं मशीन लावलं नसतानाही पाणबुडीच्या सोनार यंत्राचे आवाज ऐकू आले म्हणे.

'हूजिअर्स' ही ती न चाललेली. म्हणजे डिस्क खराब नाही, पण डिस्क कुठल्या देशांत चालणार ते रीजनच्या नंबरवर ठरलेलं असतं, आणि ही रीजन वनची आहे, अमेरिकेची. आपल्याकडचे प्लेअर रीजन पाचचे, ते घेतच नाहीत. जाहिरातीत याचा उल्लेख नव्हता आणि विचारल्यावर उत्तर आलं नाही, यासाठी एक स्टार कापला. लॅपटॉपच्या ड्राइव्हमध्ये रीजन बदलता येतो पण फक्त पाच वेळा, पाचव्यांदा जे ठेवाल तेच कायमचं, त्यामुळे एका बास्केटबॉलच्या सिनेमासाठी मी अजून धीर केला नाही. आधी टीव्हीवर कधीतरी बघितलाय, इंडियाना राज्यातल्या एका बारक्या शाळेची टीम आणि पडत्या काळातला कोच. शेवटच्या मॅचच्या आधी एवढ्या मोठ्या स्टेडियमला बघून पोरं गार पडतात, तेव्हा हा टेप काढून बास्केटची उंची मोजायला लावतो, गावच्या शाळेत होती तेवढीच. भाषण नाही.

'अनफरगिव्हन' शेवटी ठेवला होता आणि बरं केलं. १९९२. क्लिंट ईस्टवूडने विचारलं तेव्हा हॅकमन आधी नाही म्हणाला होता, मारामाऱ्यांच्या रोलचा कंटाळा आला होता, ईस्टवूडने समजावलं. दुसरं ऑस्कर याच रोलचं. लिटल बिल, बिग व्हिस्की गावचा शेरीफ, गावात बंदूक आणायची नाही हा याचा नियम, आणि नियम तर बरोबरच आहे ना! इथेच तो पकडतो आपल्याला. शांतता पाहिजे, कायदा पाहिजे, आणि त्यासाठी भर रस्त्यात इंग्लिश बॉब नावाच्या एका म्हाताऱ्या माणसाला लाथा घालतो, सगळ्या गावाला दिसेल अशा. तुरुंगातला सीन आहे, त्या इंग्लिश बॉबच्या पराक्रमाची पोथी लिहिणारा लेखक बसलाय, 'ड्यूक ऑफ डेथ' नाव पुस्तकाचं, आणि लिटल बिल मुद्दाम 'डक' वाचतो. मृत्यूचं बदक. दुरुस्त केलं तरी परत बदकच. आम्ही दोघं इतके हसलो, आणि पुढच्या पाच मिनिटांत तो भरलेली बंदूक त्या थरथरणाऱ्या लेखकाच्या हातात देतो आणि हसत सांगतो, घे, मार मला. हसू तेच. बाबांनी रिमोट घट्ट धरला होता.

आणि तो बिचारा घर बांधत असतो स्वतःच्या हाताने. सुतारकामात शून्य, छप्पर गळतं, सगळीकडे भांडी लावून ठेवलेली. आणि कोणी चेष्टा केली की कसंनुसं होतं त्याला. शेवटी जमिनीवर पडलेला असताना त्याला काय आठवतं तर ते घर, की मी घर बांधत होतो, असं मरण माझ्या वाट्याला का. त्या क्षणी चेहऱ्यावर राग नाही, खरोखरचं आश्चर्य आहे, बिल चुकीचं आल्यावर काउंटरवर माणूस करतो तसं. मी कितीतरी मोठमोठ्या नटांना पडद्यावर मरताना बघितलंय, सगळ्यांना आपण मरतोय हे माहीत असतं. याला पटतच नाही.

'रॉयल टेननबॉम्स'बद्दल मला बाबांइतकं प्रेम नाही. दिग्दर्शक वेस अँडरसनने रोल त्याच्यासाठीच लिहिला होता, हा तयार नव्हता, मग झाला. बाप, वीस वर्षांनी घरी येतो, पोटाचा कॅन्सर झालाय असं खोटं सांगतो. मला रंगीत भिंती आणि सरळ रेषेतली माणसं जरा जास्त होतात. पण नातवंडांना घेऊन बोंबलत फिरतो तो तुकडा, रस्ता ओलांडायला लावतो, कचऱ्याच्या गाडीला लोंबकळतो, दुकानातून चोरायला शिकवतो, तिथे ७१ वर्षांचा माणूस पोरांपेक्षा लहान दिसतो. पुढे पैसे संपल्यावर हॉटेलात लिफ्टमनची टोपी घालून उभा राहतो, आणि मला न्यूयॉर्कमधला तो दारवान आठवला. सोडून गेलेल्या बापाचा रोल, सोडून गेलेल्या बापाच्या मुलाने केलेला. तो माफी मागताना नजर कुठे ठेवतो ते बघा फक्त. गोल्डन ग्लोब मिळालं याला. बाबांचं म्हणणं हा सगळ्यात चांगला सिनेमा आहे, आणि का विचारलं तर नीट सांगत नाहीत.

गठ्ठ्यात काय नाही ते पण सांगते. 'बॉनी अँड क्लाइड' नाही. 'यंग फ्रँकनस्टाइन' नाही, त्यात काही मिनिटांपुरता आंधळा साधू आहे, राक्षसाच्या मांडीवर गरम सूप ओततो, आणि हसून मरायची वेळ येते, एवढा गंभीर नट इतकी चांगली कॉमेडी करतो हे बघायलाच पाहिजे. 'रनअवे ज्युरी' नाही, २००३ चा, ज्यात हॅकमन आणि हॉफमन एवढ्या वर्षांच्या दोस्तीनंतर पहिल्यांदा एका सिनेमात आले, बाथरूममध्ये समोरासमोर भांडतात. आणि सगळ्यात वाईट म्हणजे 'स्केअरक्रो' नाही, १९७३ चा, अल पचिनोबरोबरचा, त्यालाही कानचं बक्षीस होतं, आणि हॅकमनला स्वतःचं सगळ्यात आवडतं काम तेच वाटायचं. २००४ ला एक साधीशी कॉमेडी करून त्याने जे थांबवलं ते थांबवलंच, निरोपसमारंभ नाही, परत येतोय नाही, सांता फेला राहिला, कादंबऱ्या लिहिल्या, फेब्रुवारी २०२५ मध्ये ९५ व्या वर्षी गेला.

तर स्टार. सिनेमांना पाच, डिस्कला साडेतीन, पॅकिंगला एक, विकणाऱ्याला दोन कारण पाठवलं तरी वेळेत. ४३ इंची टीव्हीवर डीव्हीडी जरा धूसर दिसणार हे गृहीत धरा, लांब बसा. घेण्याआधी तीन गोष्टी लिहून मागा, रीजन कुठला, पाल की एनटीएससी (ती अमेरिकेतली पद्धत), आणि प्रत्येक डिस्कच्या मागच्या बाजूचा फोटो. नुसत्या कव्हरच्या फोटोवर जाऊ नका, कव्हर काय, आमच्या मिसिसिपीवर दुसऱ्याच सिनेमातली बाई हसतेय.

आणि कोणाकडे 'स्केअरक्रो' असेल, रीजन पाच किंवा सगळीकडे चालणारी, सबटायटलसकट, तर सांगा. कुरिअर मी देईन. बाबा रोज विचारतात आली का म्हणून.